जामीनदार आणि हुकूमनाम्याची वसुली: वाचकांचे प्रश्न

या अंकातली सगळी पत्रे जामीनदारांची आहेत. कर्ज दुसऱ्याने घेतले, सही यांनी केली आणि आता जप्तीची नोटीस यांच्या दारावर आली आहे. बहुतेकांनी वकील गाठला तो बेलीफ (जप्ती करणारा न्यायालयाचा कर्मचारी) येऊन गेल्यावर. त्यामुळे हुकूमनामा (दाव्यात न्यायालयाने दिलेला निकालाचा आदेश, डिक्री) होण्याआधी काय करता येते आणि झाल्यावर काय उरते, हा फरक जवळजवळ प्रत्येक उत्तरात आला आहे. पत्रलेखकांची नावे दिलेली नाहीत.

प्रश्न: मित्राच्या ६ लाखांच्या कर्जाला मी जामीन राहिलो. त्याने हप्ते थकवले. बँकेने आम्हा दोघांवर दावा लावला आणि हुकूमनामा मिळवला. मित्राच्या नावावर चार एकर जमीन आणि एक ट्रॅक्टर आहे, तरी बँकेने दरखास्त (हुकूमनाम्याच्या वसुलीसाठी न्यायालयात केलेला अर्ज) फक्त माझ्या फ्लॅटवर लावली. आधी त्याची मालमत्ता विकायला नको का?

उत्तर: दुर्दैवाने नाही. भारतीय करार अधिनियम, १८७२ च्या कलम १२८ प्रमाणे जामीनदाराची जबाबदारी मूळ कर्जदाराच्या जबाबदारीइतकीच असते. करारात वेगळे लिहिले असेल तरच ती कमी होते. ‘आधी कर्जदार, मग जामीनदार’ असा क्रम कायद्यात कुठेही नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९६९ मध्ये बँक ऑफ बिहारच्या प्रकरणात हे साफ सांगितले आहे. कर्जदाराकडची वसुली संपेपर्यंत थांबा असे जामीनदाराला म्हणता येत नाही, कारण मग जामीन घेऊन बँकेला उपयोग काय, असा त्यामागचा विचार आहे. १९९२ मध्ये तारण मालमत्तेबाबतही हेच सांगितले गेले. तारण आधी विकलेच पाहिजे असे हुकूमनाम्यात नसेल, तर डिक्रीदार (ज्याच्या बाजूने हुकूमनामा झाला तो, इथे बँक) थेट जामीनदाराकडे येऊ शकतो.

बँक तुमच्याकडेच का आली तेही लक्षात घ्या. शेतजमिनीवर भावांचे हिस्से, जुने बोजे आणि वाटणीचे वाद असतात. ट्रॅक्टर जप्तीच्या दिवशी जागेवर सापडेलच असे नाही. शहरातला, एकाच्या नावावरचा, कर्ज फिटलेला फ्लॅट विकायला सोपा जातो.

हातात काही नाही असे मात्र नाही. सर्वात आधी हुकूमनाम्याची नक्कल काढा आणि शेवटचा आदेशाचा भाग शब्दन्‌शब्द वाचा. ‘प्रतिवादी क्र. १ व २ यांनी संयुक्तपणे व स्वतंत्रपणे’ असे लिहिले असेल तर बँक कोणालाही गाठू शकते. काही हुकूमनाम्यांत मात्र ‘तारण मालमत्तेच्या विक्रीतून न भागलेली रक्कम जामीनदाराकडून’ असा क्रम दिलेला असतो. तसे असेल आणि तारण अजून विकलेच नसेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ४७ खाली दरखास्तीत हरकत घ्या. ही हरकत टिकते, कारण दरखास्त चालवणाऱ्या न्यायालयाला हुकूमनाम्याच्या पलीकडे जाता येत नाही.

दुसरे काम खूप फळ देते, पण फार कोणी करत नाही. कर्जदाराच्या मालमत्तेची यादी स्वतः तयार करा. गट नंबर, सातबाराचा ताजा उतारा, वाहनाचा नोंदणी क्रमांक, नोकरीचे ठिकाण, माहीत असलेली बँक खाती, सगळे लिहा. ही यादी डिक्रीदाराच्या वकिलाला लेखी द्या आणि दरखास्तीतही दाखल करा. बँकेवर ती बंधनकारक नाही. पण वसुलीचे साधन आयते हातात आले तर बँक बऱ्याचदा ते वापरते, आणि तिथून वसूल झालेला प्रत्येक रुपया तुमच्या डोक्यावरून उतरतो.

प्रश्न: मी शिक्षक आहे. सहकाऱ्याच्या कर्जाला जामीन होतो. न्यायालयाने पगारजप्तीचा आदेश शाळेला पाठवला आहे. अर्धा पगार कापणार असे कार्यालय म्हणते. हे बरोबर आहे का?

उत्तर: पोटगी सोडून इतर हुकूमनाम्यांसाठी अर्ध्या पगाराचा नियम नाही. संहितेच्या कलम ६० प्रमाणे पगारातले पहिले १,००० रुपये आणि उरलेल्या रकमेचे दोन तृतीयांश जप्तीपासून सुरक्षित असतात. म्हणजे १,००० वजा करून राहिलेल्या रकमेचा फक्त तिसरा हिस्सा कापता येतो.

आकडे मांडून पाहू. जप्तीसाठी धरायचा पगार ३१,००० असेल तर १,००० वजा करून ३०,००० राहतात. त्याचा एक तृतीयांश म्हणजे १०,००० कापता येतील आणि २१,००० तुमच्या हातात पडले पाहिजेत. ‘अर्धा’ धरून शाळेने १५,५०० कापले तर महिन्याला ५,५०० बेकायदा जातील. पगार म्हणजे सर्व मासिक वेतन, पण शासनाने अधिसूचनेने जप्तीतून वगळलेले भत्ते त्यात धरायचे नाहीत. पगारपत्रक घेऊन प्रत्येक ओळ तपासा.

कपातीची मुदतही ठरलेली आहे. एकूण २४ महिने पगार जप्त राहिला, सलग असो वा तुटक, की पुढचे १२ महिने त्या पगाराला हात लावता येत नाही. ही २४ महिन्यांची जप्ती एकाच हुकूमनाम्यासाठी झाली असेल तर त्या हुकूमनाम्यापुरता पगार कायमचा मोकळा होतो. वरच्या उदाहरणात त्या पगारातून फार तर २,४०,००० रुपये वसूल होतील. बाकी रकमेसाठी डिक्रीदाराला दुसरी मालमत्ता शोधावी लागेल. चोवीस महिने पूर्ण झाले की कार्यालय आपणहून कपात थांबवेल, यावर विसंबू नका. कपातीचे महिने लिहून ठेवा आणि पंचविसाव्या महिन्याआधी न्यायालयात अर्ज द्या.

याच कलमात पेन्शन, ग्रॅच्युइटी, भविष्य निर्वाह निधी, पीपीएफ, स्वतःच्या आयुर्विम्याच्या पॉलिसीचे पैसे, अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, कारागिराची हत्यारे आणि शेतकऱ्याची अवजारे सुरक्षित आहेत. धार्मिक रूढीनुसार स्त्रीला अंगावरून उतरवता येत नाहीत असे दागिनेही सुरक्षित आहेत. मंगळसूत्राला बेलीफ हात लावू शकत नाही. ‘या सवलतीचा मी त्याग करतो’ असे कर्जाच्या कागदावर कोणी लिहून घेतले असेल तर ते निरर्थक आहे, कारण तसा करारच रद्दबातल ठरतो हेही त्याच कलमात लिहिले आहे.

एक गोष्ट आधी तपासा. तुमची कपात न्यायालयाच्या जप्तीने चालू आहे की पतसंस्थेला तुम्ही दिलेल्या संमतीपत्राने? महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम ४९ खाली सभासद आपल्या पगारातून संस्थेचे पैसे कापण्याची लेखी संमती मालकाला देऊ शकतो. तिथली कपात त्या करारातल्या रकमेने ठरते, वरच्या हिशेबाने नव्हे. दोन्ही कपाती एकाच वेळी चालू असतील तर आधी न्यायालयाला ते कळवा.

प्रश्न: समन्स आले तेव्हा ‘कर्ज माझे नाही, कर्जदार बघेल’ म्हणून मी गेलो नाही. आता एकतर्फी हुकूमनामा झाला आहे. काही उपाय आहे का?

उत्तर: हा जामीनदारांचा सगळ्यात महाग पडणारा निर्णय असतो. समन्सच्या तारखेला तुमच्याकडे जेवढे बचाव होते, त्यातले बहुतेक आता संपले आहेत. दरखास्त न्यायालय ‘कर्ज खरे होते का, सही तुमची होती का’ हे पुन्हा तपासत नाही.

एकतर्फी हुकूमनामा रद्द करून मागण्याचा मार्ग संहितेच्या आदेश ९, नियम १३ मध्ये आहे. दोनच कारणे चालतात. समन्स रीतसर बजावले गेले नव्हते, किंवा हजर राहण्यापासून अडवणारे पुरेसे कारण होते. मुदत ३० दिवसांची आहे. ती हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजतात, पण समन्सच नीट बजावले नसेल तर तुम्हाला हुकूमनामा कळला त्या दिवसापासून. ‘मला वाटले कर्जदार बघेल’ हे पुरेसे कारण मानले जात नाही. समन्स जुन्या पत्त्यावर चिकटवले, किंवा तुमच्याशी संबंध नसलेल्या माणसाला दिले, असे असेल तर बेलीफचा अहवाल, मूळ समन्सची मागची बाजू आणि टपालाची पोच यांच्या नकला काढा. सगळा अर्ज या कागदांवर उभा राहतो. समन्स बजावण्यात केवळ किरकोळ अनियमितता झाली आणि तारीख तुम्हाला माहीत होती असे दिसले, तर हुकूमनामा रद्द होत नाही. अर्ज दिल्याने वसुली आपोआप थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते आणि ती देताना न्यायालय सहसा काही रक्कम भरायला लावते.

ज्यांच्या हातात अजून नुसते समन्स आहे त्यांच्यासाठी लिहितो. जामीनदाराचे खरे बचाव करार अधिनियमाच्या कलम १३३ पासून १४१ पर्यंत आहेत. तुम्हाला न विचारता कर्जाच्या अटी बदलल्या, बँकेने कर्जदाराला मोकळे केले, किंवा बँकेच्या ताब्यातले तारण तिच्याच हलगर्जीने गेले, तर जामीनदार पूर्ण किंवा त्या तारणाच्या किमतीएवढा सुटतो. एका स्टेट बँकेच्या १९८० च्या प्रकरणात तारणाचा माल बँकेच्या निष्काळजीपणाने हातचा गेल्याने सर्वोच्च न्यायालयाने जामीनदाराला मोकळे केले होते. पण बँकांच्या छापील जामीनपत्रात यातले अनेक हक्क सोडून दिल्याचे लिहिलेले असते. म्हणून जामीनपत्राची पूर्ण प्रत बँकेकडून मागवा आणि लेखी कैफियत (दाव्याला द्यायचे उत्तर) देताना प्रत्येक कलम त्या छापील अटीशेजारी ठेवून पाहा. बँकेने वसुलीसाठी नुसती वाट पाहिली, ढिलाई केली, एवढ्याने जामीनदार सुटत नाही. तसे कलम १३७ मध्ये लिहिलेले आहे.

प्रश्न: पतसंस्थेने न्यायालयात न जाता थेट ‘१०१ चा दाखला’ आणला आहे. वसुली अधिकारी घर जप्त करणार म्हणतो. हा हुकूमनामाच का?

उत्तर: परिणाम हुकूमनाम्यासारखाच. सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम १०१ खाली निबंधक (सहकार खात्याचा अधिकारी) सहकारी संस्थेला वसुली दाखला देतो आणि त्याची रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल होते. कलम १५६ खाली संस्थेचा वसुली अधिकारीही जप्ती आणि विक्री करू शकतो. त्याची पद्धत १९६१ च्या नियमांतील नियम १०७ मध्ये आहे.

खरी लढाई दाखला मिळण्याच्या आधीची असते. निबंधक कार्यालयाची नोटीस आली की तारखेला हजर राहा आणि लेखी म्हणणे द्या. संस्थेचा खातेउतारा मागून घ्या. व्याजाचा दर कर्जरोख्यातल्या दराशी जुळतो का, दंडव्याजावर पुन्हा व्याज लावले आहे का, कर्जदाराने भरलेले हप्ते आणि त्याचे शेअर व ठेवी खात्यात वळत्या केल्या आहेत का, हे एकेक करून तपासा. चुका इथेच सापडतात.

दाखला झाल्यावर त्याला आव्हान द्यायचे ते कलम १५४ खाली पुनरीक्षण (वरच्या अधिकाऱ्याकडून फेरतपासणी) अर्जाने, दाखला कळल्यापासून दोन महिन्यांत. त्यासाठी येणे रकमेच्या ५० टक्के रक्कम संस्थेत आधी भरावी लागते. ही अट ऐकून अनेकजण थांबतात. म्हणूनच सुनावणीच्या तारखेला फार महत्त्व आहे, तिथे बोलायला एक रुपयाही आगाऊ भरावा लागत नाही.

प्रश्न: माझ्या घराचा लिलाव जाहीर झाला आहे. शेवटच्या क्षणी काय करता येते?

उत्तर: दिवाणी न्यायालयाच्या लिलावाबद्दल बोलू, त्यातले टप्पे क्रमाने लक्षात ठेवा.

जप्तीनंतर जाहीरनामा तयार होण्याआधी तुम्हाला नोटीस येते. त्या तारखेला घराच्या किमतीचा स्वतःचा अंदाज, मूल्यांककाच्या अहवालासह, लेखी द्या. दोन्ही बाजूंचे अंदाज जाहीरनाम्यात घालण्याची सोय आदेश २१, नियम ६६ मध्ये आहे. हे केले नाही तर ‘घर कवडीमोलाने गेले’ अशी नंतरची तक्रार कमकुवत होते. शिवाय न्यायालयाने वसुलीपुरताच भाग विकायचा असतो. ४ लाखांसाठी ५० लाखांची अख्खी मालमत्ता लिलावात काढली असेल आणि तिचा तुकडा पाडता येत असेल, तर हरकत घ्या. सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये गरजेपुरताच भाग विकणे हे न्यायालयाचे कर्तव्य मानले आहे.

जाहीरनामा लावल्यापासून स्थावर मालमत्तेच्या विक्रीला किमान १५ दिवस थांबावे लागते. या काळात नियम ८३ चा अर्ज करा. घर गहाण ठेवून, भाड्याने देऊन किंवा खाजगीत विकून पैसे उभे करता येतील असे दाखवले, तर न्यायालय लिलाव पुढे ढकलून तशा परवानगीचे प्रमाणपत्र देऊ शकते. खाजगी विक्रीत लिलावापेक्षा चांगला भाव मिळण्याची शक्यता असते आणि उरलेले पैसे तुमचे राहतात. अर्जासोबत खरेदीदाराची लेखी तयारी किंवा विसार पावती जोडली तर अर्जाला वजन येते. जप्तीनंतर न्यायालयाला न कळवता परस्पर खरेदीखत करू नका, ते डिक्रीदाराविरुद्ध निरर्थक ठरते.

बोली संपून मालमत्ता ठोकून देण्याआधी पूर्ण रक्कम खर्चासह भरली तर विक्री थांबते. बोली झाली तरी सगळे संपत नाही. यशस्वी बोलीदाराला लगेच २५ टक्के आणि बाकी रक्कम १५ दिवसांत भरावी लागते. विक्रीपासून ६० दिवसांत तुम्ही जाहीरनाम्यात दाखवलेली रक्कम अधिक खरेदीदारासाठी विक्री किमतीच्या ५ टक्के न्यायालयात भरले, तर नियम ८९ खाली विक्री रद्द होते. घर ३० लाखांना गेले असेल तर ते ५ टक्के म्हणजे दीड लाख. हा अर्ज करताना नियम ९० चा ‘लिलावात गैरप्रकार झाला’ हा अर्ज आधी केला असेल तर तो मागे घ्यावा लागतो, दोन्ही एकत्र चालत नाहीत. पैसे उभे राहणार असतील तर नियम ८९ धरा, कारण नियम ९० मध्ये गैरप्रकाराबरोबर तुमचे ठोस नुकसानही सिद्ध करावे लागते.

सहकारी संस्थेच्या नियम १०७ च्या विक्रीत मुदती वेगळ्या आहेत. तिथे विक्री रद्द करून घेण्यासाठी रक्कम भरायला ३० दिवस मिळतात. तुमची विक्री कोणत्या कायद्याखाली चालली आहे हे नोटिशीच्या पहिल्या ओळीवरून समजते.

प्रश्न: जप्ती यायच्या आत घर बायकोच्या नावावर बक्षीसपत्राने केले तर?

उत्तर: करू नका. धनकोला (ज्याचे पैसे येणे आहेत त्याला) चुकवण्यासाठी केलेले हस्तांतर मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम ५३ खाली धनको रद्द करून घेऊ शकतो. मुद्रांक आणि नोंदणीचा खर्च जाईल, बायको खटल्यात पक्षकार होईल आणि तुम्ही मालमत्ता लपवता असा न्यायालयाचा ग्रह होईल. तो ग्रह पुढे अटकेच्या अर्जात नेमका नडतो.

बायकोचे घर आधीपासून तिच्या स्वतःच्या पैशांनी घेतलेले असेल तर गोष्ट वेगळी. ते जप्त झाले तर तिने आदेश २१, नियम ५८ खाली विक्रीच्या आधी हरकत घ्यावी. सोबत खरेदीखत, पैसे ज्या खात्यातून गेले त्याचा उतारा आणि तिच्या उत्पन्नाचा पुरावा जोडावा. एकत्र मालकीच्या घरात जप्ती फक्त जामीनदाराच्या हिश्श्यावर येते.

प्रश्न: मी बँकेच्या वसुली अधिकाऱ्याला वेळोवेळी ३ लाख रुपये दिले, पावत्या आहेत. तरी दरखास्तीत पूर्ण रक्कम दाखवली आहे. असे कसे?

उत्तर: न्यायालयाबाहेर दिलेले पैसे दरखास्त न्यायालयाला दिसत नाहीत. आदेश २१, नियम २ प्रमाणे डिक्रीदाराने ते न्यायालयात नोंदवून घ्यायचे असतात. त्याने नोंदवले नाहीत तर तुम्ही अर्ज करायचा असतो, आणि त्याची मुदत पैसे दिल्यापासून फक्त ३० दिवस आहे. न नोंदवलेली फेड दरखास्त न्यायालयाला मानता येत नाही, पावती कितीही खरी असली तरी. मुदत गेली असेल तर बँकेला लेखी पत्र द्या, पावत्यांच्या प्रती जोडा आणि बँकेने स्वतःच पुरसीस (न्यायालयाला द्यायचे लेखी निवेदन) देऊन रक्कम कमी करावी अशी मागणी करा. पावती अधिकृत असेल आणि रक्कम खात्यात जमा असेल तर सहसा बँक नकार देत नाही.

पुढचे पैसे न्यायालयातच भरा, किंवा बँकेमार्फत डिक्रीदाराच्या खात्यात भरून त्याची रीतसर नोटीस डिक्रीदाराला द्या. न्यायालयात भरून नोटीस बजावली की त्या रकमेवरचे व्याज त्या दिवसापासून थांबते. ही नोटीस द्यायची विसरू नका, नुसते चलन भरून व्याज थांबत नाही.

व्याजाचा हिशेबही तपासा. हुकूमनाम्यानंतरचे व्याज संहितेच्या कलम ३४ प्रमाणे मुद्दलावर वर्षाला ६ टक्क्यांपर्यंत असते. व्यापारी कर्ज असेल तर मात्र करारातल्या दरापर्यंत जाता येते. मुद्दल ५ लाख असेल तर ६ टक्क्यांनी वर्षाला ३०,००० आणि १४ टक्क्यांनी ७०,००० होतात. हुकूमनाम्यात कोणता दर आहे तो पाहून दरखास्तीतला आकडा स्वतः मांडा. पैसे भरताना काही ठरले नसेल तर रक्कम आधी व्याजात आणि खर्चात जाते, मुद्दलात शेवटी. हे लक्षात न घेता केलेला हिशेब नेहमी कमी येतो.

एकरकमी भरणे शक्य नसेल तर हप्ते मागा. हुकूमनामा झाल्यावर डिक्रीदाराच्या संमतीने न्यायालय हप्ते बांधून देऊ शकते. बँकेशी तडजोड झाली तर ती लेखी घ्या, आणि त्यात ‘जामीनदाराविरुद्धची दरखास्त पूर्ण समाधानाने निकाली काढावी’ हे वाक्य असलेच पाहिजे. नुसत्या ‘नो ड्यूज’ दाखल्याने न्यायालयातली जप्ती उठत नाही.

प्रश्न: पैसे भरले नाहीत तर तुरुंगात जावे लागते का? फोनवर तशी धमकी येते.

उत्तर: दिवाणी अटक आहे, पण ती वसुली एजंटच्या हातात नाही आणि पोलिसांचा त्यात संबंध नाही. न्यायालय आधी कारणे दाखवा नोटीस देते. पैसे भरण्याची ऐपत असून टाळाटाळ केली, किंवा मालमत्ता लपवली असे दिसल्यावरच कैदेचा आदेश होऊ शकतो. निव्वळ गरिबीमुळे कोणाला कैदेत टाकता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८० मध्ये सांगितले आहे. पैशाच्या हुकूमनाम्यात स्त्रीला अटक करता येत नाही. रक्कम ५,००० रुपयांपेक्षा जास्त असेल तर कैद जास्तीत जास्त तीन महिन्यांची. कैद भोगली म्हणून कर्ज फिटत नाही.

न्यायालयाने मालमत्तेचे शपथपत्र मागवले तर ते खरे आणि वेळेत द्या. ते न देणाऱ्यालाही तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते.

जामीन राहताना कोरे धनादेश दिले असतील तर तो विषय वेगळा आहे, आणि तो फौजदारी आहे. धनादेश न वटल्याची नोटीस मिळाल्यापासून १५ दिवसांत पैसे दिले नाहीत तर परक्राम्य संलेख अधिनियमाच्या कलम १३८ खाली गुन्हा होतो. शिक्षा दोन वर्षांपर्यंत कैद, किंवा धनादेशाच्या दुप्पट दंड, किंवा दोन्ही. धनादेश जामीनदाराचा असला तरी हे कलम लागते, असे २००२ मध्ये ठरले आहे. ही १५ दिवसांची नोटीस कधीही बाजूला ठेवू नका.

प्रश्न: तिघे जामीनदार होतो. सगळी रक्कम मीच भरली. बाकीच्यांकडून आणि कर्जदाराकडून ती मिळेल का?

उत्तर: मिळेल, पण मागायला उशीर करू नका. तुम्ही रास्तपणे भरलेली प्रत्येक रक्कम करार अधिनियमाच्या कलम १४५ खाली कर्जदाराकडून पूर्ण वसूल करता येते. सहजामीनदारांकडून कलम १४६ खाली समान वाटा मिळतो. ६ लाख भरले असतील तर प्रत्येकाचा वाटा २ लाख, म्हणजे दोघांकडून मिळून ४ लाख. फक्त दीड लाख भरले असतील तर सहजामीनदारांकडे अजून जाता येत नाही, कारण तुमचा स्वतःचा वाटाच पूर्ण झालेला नाही. कर्जदारावर मात्र त्या दीड लाखासाठी लगेच दावा लावता येतो. बँकेने एका जामीनदाराला सोडून दिले म्हणून बाकीचे सुटत नाहीत, आणि सोडलेला जामीनदार तुम्हाला वाटा द्यायला बांधील राहतो.

मुदत तीन वर्षांची. कर्जदाराविरुद्ध ती तुम्ही बँकेला पैसे दिल्याच्या तारखेपासून सुरू होते आणि सहजामीनदाराविरुद्ध तुमच्या वाट्यापेक्षा जास्त भरल्याच्या तारखेपासून. हप्त्यांनी भरले असेल तर प्रत्येक हप्त्याची तारीख जपा.

पूर्ण रक्कम भरताच बँकेचे हक्क तुमच्याकडे येतात. कर्जदाराने बँकेला दिलेले तारण, गहाणखत, हायपोथिकेशनचा (ताबा कर्जदाराकडेच ठेवून तारण दिलेला) ट्रॅक्टर, जे असेल ते. बँकेकडून तीन कागद मागून घ्या: रक्कम जामीनदार म्हणून तुमच्याकडून मिळाल्याचे पत्र, कर्जदाराच्या सर्व तारणांच्या कागदांची यादी आणि ते कागद तुमच्या ताब्यात देत असल्याची नोंद. बँकेच्या शाखेत हे कागद सवयीने कर्जदाराला परत केले जातात. ते आधीच त्याच्या हातात गेले तर तुमचा दावा तारणाशिवायचा होतो आणि पुन्हा सुरुवातीपासून वसुली करावी लागते.

प्रश्न: जामीन राहिलेले वडील वारले. आता बँक आम्हा मुलांकडून पैसे मागते आहे.

उत्तर: वडिलांकडून तुम्हाला जेवढी मालमत्ता मिळाली तेवढ्यापुरतीच तुमची जबाबदारी आहे. तुमचा पगार, तुम्ही स्वतः घेतलेले घर याला हात लागत नाही. न्यायालयात वारस म्हणून नाव दाखल झाल्यावर, वडिलांकडून काय मिळाले आणि त्यातून त्यांची इतर कोणती देणी दिली याचा लेखी हिशेब द्या. मिळालेली मालमत्ता कुठे गेली हे समाधानकारक सांगता आले नाही, तर तेवढ्या किमतीपुरती दरखास्त तुमच्यावर वैयक्तिक चालू शकते. हुकूमनामा किती जुना आहे तेही पाहा. बारा वर्षे उलटून गेली असतील तर त्याची नवी दरखास्त लावता येत नाही, आणि ही मुदत वडिलांनी अधूनमधून काही रक्कम भरली म्हणून वाढत नाही.